गिऱ्हाईक कुणी पाठवलं?

जयपूरच्या एकाच बाजारात गिऱ्हाईक आणणारे दोन तऱ्हेचे लोक भेटतात. एक कमिशन घेऊन दिसेनासा होतो, तर दुसऱ्याला उद्या पुन्हा त्याच दारात यायचं असतं. धंदा कुठलाही असो, दोघांतला हा फरक ओळखता आला पाहिजे.

जयपूरच्या स्टेशनाबाहेर पाऊल टाकलं की चार-पाच जण एकदम पुढे येतात. कुणी हातातली बॅग घ्यायची घाई करतो, कुणी हॉटेल ठरलंय का याची चौकशी करतो. आमेरचा किल्ला, हवामहल, जंतरमंतर हे सगळं दिवसभरात फिरवून आणायचा दर इतका कमी सांगितला जातो, की महाराष्ट्रातून सुट्टीला आलेलं कुटुंब खूष होऊन जातं. एवढ्या पैशांत दिवसभर रिक्षा?

या स्वस्ताईचं कारण दुपारी कळतं. जेवण झाल्यावर रिक्षा एखाद्या ‘एम्पोरियम’च्या दारात जाऊन थांबते. ‘‘बस, देख लीजिए साहब. देखने का पैसा नहीं लगता!’’ बघायचे पैसे लागत नाहीत हे अगदी खरं. ते लागतात विकत घेताना, आणि किती जास्त लागले ते घरी परतून ओळखीच्या सराफाला दाखवल्यावर समजतं.

अशा माणसाला जयपुरात एक खास नाव आहे: लपका. लपकणे म्हणजे झडप घालणे. लपका प्रवाशावर झडप घालतो, त्याला दुकानात किंवा हॉटेलात पोहोचवतो आणि खरेदीच्या रकमेवर दुकानदाराकडून कमिशन घेतो. प्रवाशाला काय हवं होतं, त्याला माल बरा मिळाला की वाईट, याच्याशी त्याला देणं-घेणं नसतं. प्रवासी उद्या आग्र्याला जाणार आणि परवा मुंबईला. त्याची पुन्हा गाठ पडणार कशाला?

हा प्रश्न केवळ प्रवाशांचा नाही. ज्याचा धंदा दुसऱ्याने पाठवलेल्या गिऱ्हाइकांवर चालतो, अशा प्रत्येकाचा आहे. साडीचं दुकान ब्लाउज शिवणाऱ्या बाईंकडे गिऱ्हाईक पाठवतं, मंडपवाला आचाऱ्याचं नाव सुचवतो, आर्किटेक्ट सुताराला काम देतो, विमा एजंटला सी.ए.कडून नावं मिळतात. गिऱ्हाईक पाठवणारे पुष्कळ असतात, पण येणारं गिऱ्हाईक चांगलं असेलच असं नाही. ते चांगलं यावं म्हणून काय करायचं, याचे धडे जयपूरच्या बाजारात उघड्यावर मांडलेले आहेत.

कमिशनचं गणित

आधी लपक्याचा हिशेब पाहू. समजा, एका दागिन्याचे दुकानदाराच्या हातात १० हजार रुपये पडायला हवेत आणि गिऱ्हाईक आणणाऱ्याला विक्रीच्या ३० टक्के द्यायचे आहेत. मग दागिन्यावर चिठ्ठी लावावी लागते सुमारे १४ हजार ३०० रुपयांची. म्हणजे दुकानात ‘आणलं जाण्या’साठी गिऱ्हाइकाने ४ हजार ३०० रुपये मोजले! दिवसभराची रिक्षा स्वस्त पडली असं मानणाऱ्याने ही रक्कम भाड्यात मिळवून पाहावी.

दुकानदाराला वाटतं, कमिशन गिऱ्हाइकाच्याच खिशातून जातंय, आपलं काय बिघडलं? बिघडतं बरंच. चढ्या भावामुळे गावातलं जाणकार गिऱ्हाईक त्या दुकानाची पायरी चढेनासं होतं. उरतं ते फक्त आणून सोडलेलं गिऱ्हाईक. त्यातल्या अनेकांना काही घ्यायचंच नसतं, रिक्षावाल्याने आणलं म्हणून ते आलेले असतात. त्यांच्यासमोर नोकर तासन्‌तास माल मांडतो आणि पुन्हा घड्या घालतो. ज्यांनी घेतलं ते फसल्याच्या भावनेने घरी जातात आणि दहा जणांना सांगतात. शेवटी दुकानाची चावी आणणाऱ्याच्या हातात जाते. शेजारच्याने पाच टक्के जास्त देऊ केले की रिक्षा शेजारी थांबते.

कमिशन द्यायला नकार देणाऱ्या हॉटेलांची गत तर प्रवाशांना चांगली ठाऊक आहे. ‘‘वो होटल? वो तो बंद हो गया साहब!’’ हॉटेल जागच्या जागी सुरू असतं, बंद झालेलं असतं ते फक्त त्याचं कमिशन.

हा प्रकार इतका वाढला, की राजस्थान सरकारला कायदा करावा लागला. पर्यटन व्यवसायाच्या नियमनासाठी २०१० साली केलेल्या कायद्यात प्रवाशांना अशा रीतीने छळणं हा गुन्हा ठरवला गेला. तेवढ्याने भागेना, म्हणून २०२१ मध्ये दुरुस्ती करून तो दखलपात्र करण्यात आला. पुन्हा तोच गुन्हा करणाऱ्यासाठी तो अजामीनपात्र झाला. कायद्याने लपक्याला पकडता येतं. पण दुकानदाराने कमिशन मोजायचं थांबवलं नाही, तर त्याच्या जागी दुसरा उभा राहतो.

दलाल, पण नाक मुरडू नका

आता याच शहरातली दुसरी तऱ्हा पाहा. सवाई जयसिंह दुसरे यांनी १७२७ साली हे शहर वसवलं, तेव्हाच बाजारांच्या रुंद रस्त्यांची आखणी झाली आणि व्यापारी, कारागीर यांना बोलावून वसवण्यात आलं. बडी चौपडपासून सांगानेरी दरवाजापर्यंत जाणारा जौहरी बाजार त्यातलाच. रंगीत खड्यांना पैलू पाडण्याच्या कामात जयपूरचं नाव जगभर आहे. झांबिया, ब्राझील, कोलंबिया अशा देशांतला कच्चा पाचू इथे येतो आणि पैलू पडून पुन्हा जगभर जातो.

जौहरी बाजाराला फुटणाऱ्या गोपालजी का रास्ता, हल्दियों का रास्ता अशा गल्ल्यांत आणि तिथल्या फुटपाथवर हातात कागदाच्या छोट्या पुड्या घेऊन माणसं उभी असतात. पुडी उघडली की आत पाचू, माणिक, नीलम. हे खड्यांच्या बाजारातले व्यापारी आणि दलाल. दलाल हा शब्द आपल्याकडे जरा नाक मुरडूनच उच्चारला जातो. इथे मात्र त्याच्यावाचून बाजाराचं पान हलत नाही.

एका व्यापाऱ्याकडचा माल दलाल दुसऱ्याकडे नेऊन दाखवतो. हा माल जांगडावर दिला जातो. मराठी व्यापाऱ्यांनाही हा शब्द नवा नाही. माल पसंतीसाठी न्यायचा, पसंत पडला तर पैसे आणायचे, नाही तर माल जसाच्या तसा परत करायचा. तोवर मालाची मालकी देणाऱ्याचीच. नेणाऱ्याची जबाबदारी एका साध्या चिठ्ठीवर लिहिलेली असते. लाखालाखांचा माल अशा चिठ्ठीच्या आणि शब्दाच्या भरवशावर गल्लीतून गल्लीत फिरतो.

दलालीवर जगतो तोही आणि कमिशनवर जगतो लपकाही. मग फरक कुठे पडला?

पहिली गोष्ट, दलालाला दोन्ही बाजू ठाऊक असतात. कुणाला कोणत्या रंगाचा, किती वजनाचा, कोणत्या भावाचा खडा लागतो हे त्याच्या डोक्यात पक्कं असतं. मोठ्या निर्यातदाराकडे तो हलक्या मालाची पुडी घेऊन जात नाही. तसं दोनदा केलं तर तिसऱ्यांदा त्याला गादीवर बसवून घेणार नाहीत.

दुसरी गोष्ट त्याहून मोठी आहे. दलालाला उद्या त्याच गल्लीत तोंड दाखवायचं असतं. परवाही, आणि पुढची तीस वर्षंही. एकदा शब्द फिरवला तर बातमी संध्याकाळच्या आत बाजारभर होते आणि मग त्याच्या हातात कुणी जांगडावर एक खडासुद्धा ठेवत नाही. त्याची खरी पुंजी म्हणजे त्याचं नाव. गिऱ्हाईक पाठवताना तो ते नाव पणाला लावतो. लपक्याकडे पणाला लावण्यासारखं काही नसतं.

२५ युरोंची गोष्ट

बाजारातल्या जुन्या माणसांना हे अनुभवाने ठाऊक होतं. जर्मनीत तीन संशोधकांनी ते आकड्यांत मोजून दाखवलं. तिथल्या एका बँकेने योजना काढली होती. आपल्या ओळखीच्या माणसाला बँकेचा खातेदार करा आणि २५ युरो मिळवा. संशोधकांनी जवळपास १० हजार खातेदारांचा पावणेतीन वर्षांचा हिशेब तपासला आणि २०११ साली तो प्रसिद्ध केला. ओळखीतून आलेला खातेदार बँकेला इतरांपेक्षा सरासरी १६ टक्के अधिक किफायतशीर ठरला होता. बँक सोडून जाण्याचं त्याचं प्रमाणही सुमारे १८ टक्क्यांनी कमी होतं.

म्हणजे पैसे देणं वाईट असं नाही. पण ते कुणाला आणि कशासाठी दिले, ते पाहा. २५ युरो मिळाले ते बँकेचा अनुभव स्वतः घेतलेल्या खातेदाराला. आणि त्याने नाव सुचवलं ते आपल्या मित्राला किंवा नातेवाइकाला. रक्कम लहान आणि ठरलेली. मित्राने जितके जास्त पैसे ठेवले तितकं बक्षीस जास्त, असा प्रकार नव्हता. एवढ्या रकमेसाठी कुणी आपल्या मेहुण्याला खड्ड्यात घालत नाही. दिवाळीला त्याच्याच घरी जेवायला जायचं असतं!

आपल्याकडचा ‘कट’

पाठवणाऱ्याला पैसे मिळतात हे गिऱ्हाइकापासून लपवलं जातं, तेव्हा काय होतं याचं उदाहरण महाराष्ट्रात आहे. डॉक्टरने रुग्णाला तपासणीसाठी पाठवायचं आणि तपासणी केंद्राने त्या बदल्यात डॉक्टरला वाटा द्यायचा, याला आपल्याकडे ‘कट प्रॅक्टिस’ म्हणतात. वैद्यक परिषदेच्या २००२ सालच्या आचारसंहितेने रुग्ण पाठवण्याबद्दल कमिशन घेण्या-देण्यास बंदी घातलेली आहे. तरीही २०१३ साली महाडचे डॉ. हिंमतराव बावसकर यांच्याकडे अशाच एका केंद्राकडून १२०० रुपयांचा चेक आला. विंचूदंशावरच्या उपचारांसाठी जगभर नावाजलेल्या या डॉक्टरांनी तो खिशात घातला नाही. त्यांनी थेट वैद्यक परिषदेकडे तक्रार केली आणि ‘कट’चा विषय घराघरांत बोलला जाऊ लागला.

१२०० रुपयांची रक्कम मोठी नव्हती. पण ती कुणाच्या बिलातून आली होती? रुग्णाच्याच. डॉक्टरने सुचवलेली तपासणी खरोखर गरजेची आहे की नाही, अशी शंका एकदा मनात शिरली की पुढच्या प्रत्येक चिठ्ठीकडे रुग्ण संशयाने पाहतो. लपवलेलं कमिशन पाठवणाऱ्याच्या शब्दाची किंमत अशी उतरवतं. आणि ज्याच्या शब्दाला किंमत नाही, त्याने पाठवलेलं गिऱ्हाईक घासाघीस करतच दार उघडतं.

पाठवणाऱ्याला आधी शिकवा

आता आपल्या गल्लीत येऊ. समजा, घरी शिवणकाम करणाऱ्या एका बाईंकडे जवळचं साडीचं दुकान गिऱ्हाईक पाठवतं. दुकानदार भला माणूस, तो कमिशनही मागत नाही. पण येणारी प्रत्येक बाई म्हणते, ‘‘उद्या संध्याकाळपर्यंत द्याल ना? दुकानात सांगितलं, लगेच देतात म्हणून!’’ दुसरी म्हणते, ‘‘स्वस्तात शिवता असं ऐकलं.’’ बाई भरतकामाच्या, निगुतीच्या ब्लाउजचं काम करणाऱ्या, आणि येतं ते घाईचं नि स्वस्ताईचं गिऱ्हाईक. चार दिवसांत भांडण ठरलेलं.

दोष कुणाचा? दुकानदाराला बाईंचं नाव ठाऊक आहे, काम ठाऊक नाही. तेव्हा पहिला उपाय म्हणजे त्याला काम दाखवणं. बाईंनी आपले दोन उत्तम ब्लाउज दुकानात नेऊन ठेवावेत आणि मोजक्या शब्दांत सांगावं: असलं काम करते, आठ दिवस लागतात, शिलाई इतक्यापासून सुरू होते, आणि घाईचं काम घेत नाही. ‘गिऱ्हाईक पाठवा’ असं म्हणणं म्हणजे वाण्याला ‘काहीतरी द्या’ म्हणण्यासारखं आहे. काय हवं ते सांगितलं नाही, तर जे मिळेल ते घ्यावं लागतं.

दुसरा उपाय वहीचा. साध्या वहीत चार रकाने आखा: कुणी पाठवलं, काय सांगून पाठवलं, काम झालं का, ते गिऱ्हाईक पुन्हा आलं का. सहा महिन्यांनी वही उघडली की आश्चर्य वाटेल. सर्वात जास्त माणसं पाठवणारा सर्वात उपयोगाचा असतोच असं नाही. एखादी शाळेतली शिक्षिका वर्षात चारच जणींना पाठवते, पण चौघीही टिकतात. दिवाळीचा फराळाचा डबा आधी कुणाकडे जायला हवा, हे ही वही सांगते.

तिसरा उपाय बहुतेक जण विसरतात. पाठवलेल्या गिऱ्हाइकाचं पुढे काय झालं, ते पाठवणाऱ्याला कळवा. ‘‘तुम्ही पाठवलेल्या ताईंचं काम झालं, खूष होऊन गेल्या,’’ एवढा निरोपही पुरतो. जमलं नसेल तर तेही सांगा, आणि का जमलं नाही ते सांगा. पुढच्या वेळी पाठवणारा माणूस पारखून पाठवतो. जयपूरच्या दलालाला हे शिकवावं लागत नाही. पुडी परत आली की ती का परत आली, हे त्याला तिथेच ऐकायला मिळतं.

चौथा उपाय जरा जड जातो. जे काम आपलं नाही, ते घेऊ नये. ‘‘हे माझ्याकडे नीट होणार नाही, अमुक बाई चांगलं करतील,’’ असं सांगितलं तर त्या दिवसाचे पैसे जातात, पण पाठवणाऱ्याचा शब्द राखला जातो. आणि ज्या अमुक बाईंना काम मिळालं, त्या आपल्या जोगतं काम आल्यावर आपली आठवण ठेवतात.

आणि पैशांचं काय? मोबदला द्यायचाच असेल तर तो ठरलेला असावा, थोडा असावा आणि गिऱ्हाइकासमोर बोलून दाखवता यावा इतका उघड असावा. त्याहून चांगला मोबदला म्हणजे तक्रार आली तर दोघांनी मिळून ती निस्तरणं. साडीचा रंग अस्तराला लागला तर दुकानदार कापड बदलून देईल, बाई पुन्हा शिवून देतील. गिऱ्हाइकाला एकदा हे दिसलं की पुढच्या लग्नसराईत ते मैत्रिणीला हात धरून घेऊन येतं.

व्यावसायिकांनी एकमेकांना कामं मिळवून द्यावीत म्हणून आता रीतसर मंडळंही निघाली आहेत. अमेरिकेत आयव्हन मिस्नर यांनी १९८५ साली सुरू केलेली ‘बीएनआय’ ही त्यातली मोठी. तिच्या एका शाखेत एका व्यवसायाचा एकच सभासद घेतात. मराठी उद्योजकांसाठी अभियंते माधवराव भिडे यांनी सुरू केलेला ‘सॅटर्डे क्लब’ही याच वाटेवरचा. या मंडळांचं बळ नुसत्या कार्डांच्या देवाणघेवाणीत नाही. तीच माणसं पुन्हा पुन्हा समोरासमोर भेटतात, यात आहे. चुकीचं गिऱ्हाईक पाठवलं किंवा आलेल्या गिऱ्हाइकाला वाईट वागवलं, तर पुढच्या सभेत त्याच माणसासमोर बसायचं असतं. जौहरी बाजाराच्या गल्लीचं काम इथे सभा करते. पण सभेत नाव दिसावं म्हणून कुणाचाही फोन नंबर पुढे सरकवला, तर तीच सभा लपक्यांची जत्रा व्हायला वेळ लागत नाही.

तुम्ही गिऱ्हाईक असाल तर

जयपूरला जाणाऱ्या कुटुंबांसाठी चार शब्द. रिक्षावाल्याशी ठरवतानाच ‘दुकान नको’ म्हणून सांगा आणि योग्य भाडं द्या. खरेदीला स्वतः वेगळ्या वेळी जा. सोन्याच्या दागिन्यावर हॉलमार्क आणि सहा अक्षरी-अंकी एचयूआयडी क्रमांक पाहा. १ एप्रिल २०२३ पासून हॉलमार्क असलेले सोन्याचे दागिने या क्रमांकाविना विकता येत नाहीत. सरकारच्या ‘बीआयएस केअर’ या मोबाइल ॲपवर तो पडताळून पाहता येतो. पण हॉलमार्क सांगतो तो सोन्याचा कस. खड्याबद्दल तो काही सांगत नाही. त्यासाठी वेगळी तपासणी लागते, आणि १९७२ पासून जयपुरात रत्नं तपासणारी प्रयोगशाळा आहे. मोठी खरेदी असेल तर पक्कं बिल घ्या आणि तपासणीनंतर परत करण्याची अट त्यावर लिहून घ्या. दुकानदाराने दाखवलेल्या कागदावर थांबू नका. २०२४ च्या जूनमध्ये एका अमेरिकन महिलेची तक्रार देशभर गाजली. जयपुरात ६ कोटी रुपयांना घेतलेले दागिने प्रत्यक्षात ३०० रुपयांचे निघाले, असं तिचं म्हणणं होतं. दागिन्यांसोबत प्रमाणपत्रंही होती. दुकानदाराशी ओळख झाली होती ती इन्स्टाग्रामवर.

‘हे खडे तुमच्या देशात घेऊन जा, तिथे दुप्पट भाव येईल,’ असं सांगून गळ्यात माल मारण्याचा प्रकार तर इतका जुना आहे, की परदेशी सरकारं आपल्या प्रवाशांना त्याविषयी आधीच सावध करतात. तुमचा फायदा करून द्यायला इतका उतावीळ झालेला अनोळखी माणूस दिसला की पाकीट आत ठेवावं.

दुकानदार असा वा गिऱ्हाईक, एक प्रश्न विचारायची सवय लावून घ्या. मला इथे ज्याने पाठवलं, किंवा माझ्याकडे हे गिऱ्हाईक ज्याने धाडलं, तो हा व्यवहार बिघडला तर उद्या भेटेल का? भेटणार असेल तर त्याला थोडी दलाली गेली तरी ती महाग नाही. भेटणार नसेल, तर त्याची फुकटची शिफारससुद्धा परवडायची नाही.